आयरीन पापास : एका रविवारी तीन चित्रपट

नाशिकमध्ये ग्रीक अभिनेत्रीची कारकीर्द एका दिवसात दाखवायची, तर आयरीन पापास (१९२९–२०२२) निवडा. बहुतेक जण ‘झोर्बा द ग्रीक’पासून (१९६४) सुरुवात करतात. तो मोह टाळा. त्यातल्या तिच्या विधवेला संवाद जेमतेम आहेत आणि सगळा भाव अँथनी क्विन खाऊन जातो.

ग्रीक दिग्दर्शक मिहालिस काकोयानिसचे ‘इलेक्ट्रा’ (१९६२), ‘द ट्रोजन विमेन’ (१९७१) आणि ‘इफिजेनिया’ (१९७७) याच क्रमाने लावा. कथेचा काळ नेमका उलटा चालतो, तरीही. पहिल्यात पापास आईच्या जिवावर उठलेली मुलगी, शेवटच्यात तीच आई, क्लायटेम्नेस्ट्रा. सकाळी जिचा संताप आला, तिची बाजू संध्याकाळी कळते.

बायकोच्या अपहरणावरून पेटलेलं ट्रॉयचं युद्ध पंचवटीच्या गावाला समजवावं लागत नाही. ग्रीकांचा सेनापती राजा अ‍ॅगमेम्नॉन, त्याची बायको क्लायटेम्नेस्ट्रा, इफिजेनिया-इलेक्ट्रा-ओरेस्टिस ही मुलं आणि जिच्यावरून युद्ध पेटलं ती मेहुणी हेलन एवढी वंशावळ मात्र फळ्यावर काढाच. ‘द ट्रोजन विमेन’मध्ये हेलन पापासच साकारते, आणि आधी दिसतात ते लाकडी फळ्यांच्या फटीतून फिरणारे तिचे डोळे. हे आधी सांगून टाकू नका.

‘इलेक्ट्रा’ कृष्णधवल आहे. खोलीत उजेड शिरला की काळं करडं होतं, म्हणून खिडक्यांना काळं कापड दुहेरी लावा. पडद्याची खालची कड जमिनीपासून चार फुटांवर हवी, नाहीतर सबटायटल्स पुढच्यांच्या डोक्याआड जातात.

सबटायटल्सची फाइल वेगळी असेल तर तीन ठिकाणी तपासा : सुरुवात, मध्य, शेवट. ‘इलेक्ट्रा’चा आरंभ जवळपास निःशब्द असल्याने तिथे काहीच कळत नाही. फरक सगळीकडे सारखा असेल तर व्हीएलसी या व्हिडिओ प्लेअरमध्ये जी आणि एच या कळांनी ओळी मागेपुढे सरकतात. फरक वाढत गेला तर फ्रेमचा वेग जुळत नाही असं समजा : सेकंदाला २४ आणि २५ फ्रेममध्ये तासाला सुमारे अडीच मिनिटं तफावत पडते. तिथे कळा दाबत बसू नका, जुळणारी फाइल शोधा.

घरच्या वापराच्या डीव्हीडीवर सार्वजनिक खेळ चालत नाही; हक्कधारकाची लेखी परवानगी आधी घ्या. तिन्ही मिळून पावणेसहा तासांच्या आसपास जातात. साडेदहाच्या आत पडदा उघडू नका, रविवारी नाशिककर मिसळ खाल्ल्याशिवाय येत नाहीत.