हेमिंग्वे अभ्यासाला आहे? मग आधी कथा वाचा

एम.ए. इंग्रजीच्या अमेरिकन साहित्याच्या पेपरात हेमिंग्वे दिसला की मुलांना हायसं वाटतं. फॉकनरसारखी पानभर लांबणारी वाक्यं नाहीत, डिक्शनरी फारशी लागत नाही, आणि 'द ओल्ड मॅन अँड द सी' तर एका बैठकीत संपते. बारावीपर्यंत मराठी माध्यमात शिकल्यामुळे हा आनंद मला चांगलाच ठाऊक आहे. पुढे डिझर्टेशनलाही मी हेमिंग्वेच घेतला. त्या काळात जे उपयोगी पडलं, ते नव्याने सुरुवात करणाऱ्यांसाठी लिहितोय.

पहिलं म्हणजे, कादंबरीला आधी हात लावू नका. 'इन अवर टाइम' (1925) हा कथासंग्रह मिळवा आणि त्यातली 'इंडियन कॅम्प' वाचा. जेमतेम चार-पाच पानं. निक ॲडम्स हा लहान मुलगा डॉक्टर वडिलांबरोबर अमेरिकेतल्या मूळ रहिवाशांच्या (रेड इंडियन) एका वस्तीवर जातो. बाई अडलेली आहे. वडील भूल न देता, खिशातल्या चाकूने सिझेरियन करतात आणि त्या कर्तबगारीवर खूश असतात. वरच्या बाकावर पडलेल्या नवऱ्याचं काय झालंय हे त्यांना नंतर दिसतं. ते मी सांगत नाही. हा निक पुढे बऱ्याच कथांत भेटत राहतो.

मग 'हिल्स लाइक व्हाइट एलिफंट्स' (1927). ही मात्र पेन्सिल घेऊनच वाचायची. स्पेनमध्ये एब्रो नदीच्या खोऱ्यातलं छोटं स्टेशन, बार्सिलोनाहून येणारी गाडी चाळीस मिनिटांत यायची आहे, आणि एक अमेरिकन पुरुष व एक मुलगी बिअर पीत बसलेत. तो तिला गर्भपातासाठी राजी करतोय, पण तो शब्द कथेत एकदाही येत नाही. कोण बोलतंय हे लेखक बऱ्याचदा सांगतच नाही, म्हणून प्रत्येक संवादासमोर 'तो' किंवा 'ती' लिहून ठेवा. मग वहीत स्टेशनचा कच्चा नकाशा काढा: एका बाजूला झाडाचं नाव नाही, नुसतं ऊन, दुसऱ्या बाजूला नदी, झाडं, धान्याची शेतं. मुलगी उठून कुठल्या बाजूला बघते ते टिपा. ती एका वाक्यात सलग सात वेळा 'प्लीज' म्हणून त्याला गप्प बसायला सांगते, त्यानंतर तो काय करतो? बॅगा उचलून पलीकडच्या रुळांकडे नेऊन ठेवतो. त्या बॅगांवर दोघं जिथे जिथे राहिले त्या हॉटेलांची लेबलं आहेत. मुलीच्या मनात काय चाललंय यावर मात्र लेखक अवाक्षर काढत नाही.

इथवर आलात की हिमनगाचा तो प्रसिद्ध सिद्धान्त आपोआप कळतो. बैलांच्या झुंजींवरच्या 'डेथ इन द आफ्टरनून' (1932) या पुस्तकात तो आहे: हिमनगाचा एक अष्टमांश भागच पाण्यावर दिसतो, तसंच लेखकानेही बरंचसं न सांगता खालीच ठेवायचं. परीक्षेत सगळे जण एवढी व्याख्या लिहून मोकळे होतात. तुम्ही त्या बॅगा लिहा, मार्क तिथे आहेत.

चरित्राचा भाग थोडक्यात उरका. 1917 मध्ये 'कॅन्सस सिटी स्टार'मध्ये बातमीदारी, तिथला छोटी वाक्यं लिहिण्याचा नियम, 1918 मध्ये इटलीच्या आघाडीवर रेडक्रॉसच्या कामात असताना झालेली जखम. एवढं बास. शिकारी, लग्नं आणि 1961 ची आत्महत्या यांत शिरलात तर कथा बाजूलाच राहतात.

कादंबऱ्यांत आधी 'द सन ऑल्सो रायझेस' (1926), मग 'अ फेअरवेल टू आर्म्स' (1929). दुसरीतली पहिल्या महायुद्धातल्या इटालियन सैन्याची कापोरेत्तोची माघार, तो पाऊस, चिखलात रुतलेल्या गाड्या, हे माझ्या मते त्याचं सर्वोत्तम कादंबरीलेखन. शेवटचं पान मुद्दाम सावकाश वाचा. ते एकोणचाळीस वेळा लिहिल्याचं त्याने मुलाखतीत सांगितलं होतं. तिची नायिका कॅथरीन मात्र मला कधीच खरी बाई वाटली नाही, आणि 'द सन ऑल्सो रायझेस'मध्ये रॉबर्ट कोन या पात्राच्या ज्यू असण्यावरचे शेरे आज वाचवत नाहीत. हे उत्तरात बिनधास्त लिहा, फक्त प्रसंग देऊन लिहा.

'द ओल्ड मॅन अँड द सी'चं (1952) पुलंनी केलेलं 'एका कोळियाने' वाचनालयात सहज मिळेल. गोष्ट त्यातून मनात बसवून मग मूळ वाचलंत तरी काही बिघडत नाही. गाइडं पहिल्या पानापासून त्यातल्या म्हाताऱ्या कोळ्याचा, सान्तियागोचा, ख्रिस्त करतात. त्याआधी त्याची मासेमारी नीट बघा: चौऱ्याऐंशी दिवस मासा नाही, दोरीने कापलेले तळवे, ऐन वेळी आखडलेला डावा हात, ताकद राहावी म्हणून खाल्लेला कच्चा मासा. एवढं पाहिल्यावर क्रूसाचं प्रतीक किती खरं आणि किती ओढूनताणून, ते तुमचं तुम्हालाच ठरवता येईल.

'अक्रॉस द रिव्हर अँड इंटू द ट्रीज' (1950) सोडलीत तरी चालेल. तो वेळ 'बिग टू-हार्टेड रिव्हर'ला द्या. निक जळून गेलेल्या गावावरून पुढे जातो, तंबू ठोकतो, डब्यातलं जेवण गरम करतो, मासे पकडतो, आणि पलीकडच्या दलदलीत जायचं टाळतो. कथा युद्धावरून परतलेल्या माणसाची आहे, आणि युद्धाचा उल्लेख कुठेच नाही. व्हायव्हाला हिच्यावर हमखास विचारतात.