पॅच आल्यावर ऑनलाइन मॅच नीट कशी लावायची

फायटिंग गेमचा पॅच (अपडेट) आला की सगळे आधी बघतात कोणतं कॅरेक्टर नर्फ म्हणजे कमजोर झालं, पण ऑनलाइन खेळत असाल तर पॅच नोट्समध्ये, म्हणजे बदलांच्या यादीत, आधी नेटवर्कचा भाग शोधा, खरा फरक तिथे पडतो.

गेम सेकंदाला 60 फ्रेम चालतो, म्हणजे एक फ्रेम साधारण 16.7 मिलिसेकंद. पिंग (सिग्नल जाऊन परत यायला लागणारा वेळ) 100 मिलिसेकंद असेल तर तुमचं बटण समोरच्याकडे पोचायला साधारण 50 लागतात, म्हणजे तीन फ्रेम. जुन्या डिले पद्धतीत गेम तेवढा वेळ तुमचंही बटण अडवून ठेवतो, त्यात नेट हललं की कॉम्बो (सलग लागणारे फटके) गेलाच. रोलबॅक या दुसऱ्या पद्धतीत तुमचं बटण लगेच लागतं, समोरचा आधीचंच बटण धरून आहे असं गेम धरून चालतो आणि अंदाज चुकला की मागे जाऊन तेवढ्या फ्रेम परत मोजतो. गिल्टी गिअरच्या अ‍ॅक्सेंट कोर प्लस आर या जुन्या गेमला 2020 मध्ये पॅचने रोलबॅक मिळालं आणि लांबच्या लोकांशी मॅच खेळण्यासारख्या झाल्या, मला तर हे अजून भारी वाटतं.

आता करायचं काय? दोघांनी एकच व्हर्जन टाका, हे फार महत्त्वाचं. स्ट्रीट फायटर 5 मध्ये एकाचा गेम दुसऱ्याच्या पुढे पळायचा आणि सगळा त्रास त्या एकालाच व्हायचा, 2020 च्या जानेवारीत एका फॅनने पीसीसाठी फिक्स काढला पण तो एकाकडेच असला तर समोरच्याचे हाल व्हायचे, मग फेब्रुवारीत गेम बनवणाऱ्या कॅपकॉमचा पॅच आला.

पॅच टाकून झाला की वायफाय सोडून लॅन केबल लावा. ग्राफिक्सही कमी करा, कारण रोलबॅकमध्ये मागे गेल्यावर गेमला एका फ्रेमच्या वेळात कितीतरी फ्रेम मोजाव्या लागतात आणि पीसी 60 च्या खाली गेला तर पॅच कितीही चांगला असो, मॅच अडखळतेच, आणि लोक उगाच नेटला शिव्या घालतात.

गेममध्ये डिलेचं (बटण किती फ्रेम अडवायचं याचं) सेटिंग असेल तर 1 किंवा 2 वर ठेवा, समोरचा उड्या मारताना इकडून तिकडे गायब होत असेल तर एकने वाढवा. त्याच मित्राशी, त्याच वेळेला पाच मॅच खेळून बघा, मगच ठरवा.

आणि आवडते रिप्ले असतील तर पॅच टाकायच्या आधीच व्हिडिओ करून ठेवा, रिप्लेमध्ये बहुतेक वेळा फक्त बटणं सेव्ह असतात, त्यामुळे मूव्ह बदलल्या की ते चालत नाहीत.