तारकागुच्छ पाहताना या चुका टाळा

दर हिवाळ्यात नवी दुर्बीण घेतलेलं कुणीतरी मला विचारतं, "कृत्तिका नुसत्या डोळ्यांनी छान दिसतात, मग दुर्बिणीतून काहीच का दिसत नाही?" जवळ जाऊन बघावं तर दर वेळी एकच प्रकार. हाताशी असलेला सगळ्यात जास्त वर्धनाचा आयपीस (डोळ्याजवळचं भिंग) लावलेला असतो.

कर्जतजवळच्या एका शेतावर डिसेंबरच्या रात्री घडलेली गोष्ट सांगतो. एक तरुण १३० मिलिमीटरची नवी परावर्ती दुर्बीण घेऊन आला होता. खोक्यावर कित्येकशे पट वर्धनाचा दावा छापलेला, म्हणून त्याने ४ मिलिमीटरचा आयपीस लावून वर बार्लो (वर्धन दुप्पट करणारं भिंग) चढवला होता. म्हणजे सुमारे ३२५ पट. तासभर तो कृत्तिका शोधत होता. दिसले ते दोन-तीन थरथरणारे तारे. दुर्बीण सदोष आहे, उद्याच परत करतो, इथवर तो आला होता. मी बार्लो काढला, २५ मिलिमीटरचा आयपीस लावला आणि पुन्हा कृत्तिकांवर नेम धरला. तो पाच मिनिटं डोळा काढेना. मग त्याच्या हातात माझी १०×५० ची द्विनेत्री, म्हणजे दहा पटीची बायनॉक्युलर, दिली. ती बघून मात्र तो खाली चटईवरच बसला आणि मध्यरात्री पुष्य वर येईपर्यंत त्याने दुर्बिणीला हात लावला नाही.

हिशेब सोपा आहे. कृत्तिका आकाशात जवळपास दोन अंश पसरल्या आहेत, म्हणजे पौर्णिमेचे चार चंद्र शेजारी शेजारी ठेवावेत एवढ्या. ३२५ पटीला जेमतेम सातवा हिस्सा अंश दिसतो. गुच्छाचं सौंदर्य तारे एकत्र दिसण्यात आहे. त्यातला एक कोपरा बघून गुच्छ बघितल्यासारखं होत नाही. गॅलिलिओची दुर्बीण सुमारे वीस पटीची होती, आणि तिचं दृष्टिक्षेत्र इतकं अरुंद होतं की कृत्तिका त्याला तुकड्यातुकड्याने बघाव्या लागल्या. तरी १६१० मध्ये त्याने छापलेल्या चित्रात ३६ तारे आहेत. त्याच्याकडे पर्याय नव्हता, आपल्याकडे आहे. माझा नियम एवढाच: पहिले तीन महिने बार्लो डब्यातच राहू द्यावा. घाई करणाऱ्यांना हे पटत नाही, पण कंटाळून दुर्बीण विकायला काढणारेही बहुधा तेच असतात.

गोलाकार गुच्छांची, म्हणजे ताऱ्यांच्या दाट गोळ्यांची, गोष्ट उलटी. तिथे वर्धन थोडं वाढवावंच लागतं, नाहीतर धुरकट ठिपक्यापलीकडे काही हाती लागत नाही. शौरी तारकासमूहातला एम १३ हा गुच्छ धूमकेतूवाल्या हॅलीने १७१४ मध्ये शोधला. पुढे १७६४ मध्ये फ्रेंच खगोलनिरीक्षक मेसियेने (एम हे अक्षर त्याच्याच यादीचं) तो पाहिला आणि यात एकही तारा नाही अशी नोंद केली. चूक नजरेची नव्हती, दुर्बिणीची होती. पुढे खगोलशास्त्रज्ञ विल्यम हर्शलच्या दुर्बिणींच्या मोठ्या आरशांनी त्या धुक्याचे तारे करून दाखवले. लहान दुर्बिणीतून एम १३ धूसर दिसला तर निराश होऊ नका. थेट न बघता नजर किंचित बाजूला ठेवा, कडेचे तारे चमकू लागतात.

मोबाइलचा पांढरा प्रकाश: एकदा पडला की पुढची वीस मिनिटं गेली. फोन खिशातच ठेवा.

रोहिणीचा लाल तारा शकटातल्या, म्हणजे वृषभ राशीतल्या तिच्या भोवतीच्या, गुच्छाचाच आहे असं बरेच जण सांगतात. तो गुच्छ सुमारे १५० प्रकाशवर्षं दूर आहे, रोहिणी ६५. ती फक्त मधे आली आहे.

दुसरी चूक माझ्या जिव्हाळ्याची आहे, कारण ती मी स्वतः केली आणि एक चांगली रात्र गमावली. वहीत लिहिलं होतं, "व्याधाच्या डावीकडे सुंदर गुच्छ." वेळ नाही, दिशा नाही, कोणत्या दुर्बिणीतून तेही नाही. दुर्बिणीत प्रतिमा उलटी दिसते, तेव्हा ही डावी बाजू आकाशातली की आयपीसमधली? व्याधाच्या दक्षिणेला चार अंशांवर एम ४१ आहे, पूर्वेला एम ४६ आणि एम ४७ शेजारी शेजारी. तिघांपैकी मी कोणता पाहिला, हे मला आजही सांगता येत नाही.

आणि एम ४७ चंच उदाहरण घ्या. मेसियेने १७७१ मध्ये तो पाहिला, स्थान नोंदवलं, आणि त्या जागी कुणालाच गुच्छ सापडेना. दीडशेहून अधिक वर्षं तो हरवलेलाच मानला गेला. १९५९ मध्ये टी. एफ. मॉरिस यांनी दाखवून दिलं की जवळच्या ताऱ्यापासूनचं अंतर मोजताना अधिक-उणे चिन्हांची अदलाबदल झाली होती. चिन्हं उलटी करा, गुच्छ जागेवर हजर. म्हणून माझ्या वहीत आता प्रत्येक नोंदीआधी वेळ येते, मग उपकरण, मग जवळचा ठळक तारा आणि त्यापासून उत्तर-दक्षिण, पूर्व-पश्चिम. डावं-उजवं हे शब्द मी वहीतून कायमचे काढून टाकले आहेत.

शेवटची चूक म्हणजे दक्षिणेकडे पाठ करून बसणं. परदेशी याद्या वाचून लोक एम १३ च्या मागे लागतात आणि दक्षिणेचा गोलाकार गुच्छ ओमेगा सेंटॉरी विसरतात. प्राचीन खगोलज्ञ टॉलेमीने त्याची तारा म्हणून नोंद केली होती. हॅली विशीत असताना दक्षिण अटलांटिकमधल्या सेंट हेलेना बेटावर गेला, तेव्हा १६७७ मध्ये हा तारा नाही हे त्याच्या लक्षात आलं. लंडनहून तो कधी उगवतच नाही. पुण्याहून मात्र तो क्षितिजाच्या चोवीस अंश वर येतो. मे महिन्याच्या अखेरीस रात्री दहाच्या सुमारास चित्रा डोक्याकडे चढून दक्षिणोत्तर रेषेवर येते. तिथून सरळ दक्षिणेला छत्तीस अंश खाली उतरा. दक्षिणेला शहराचा उजेड नसेल अशी जागा निवडा आणि द्विनेत्री लावा. पहिल्यांदा तो कापसाच्या बोळ्यासारखा दिसेल. त्यात सुमारे एक कोटी तारे आहेत.