जुन्या बांधकाम मजुरांवरील लघु माहितीपट कसा करावा

१९५०च्या सुमारास १६ मिमी फिल्मवर टिपलेले बांधकामाचे चित्रीकरण हाती आले आणि डबा उघडताच व्हिनेगरसारखा आंबट वास आला, तर फिल्मचा अ‍ॅसिटेट या प्लॅस्टिकचा पाया कुजू लागला आहे असे समजून ते रीळ प्रोजेक्टरवर न चढवता थेट स्कॅनिंगसाठी द्यावे. सेकंदाला १६ किंवा १८ चौकटींनी (फ्रेमनी) घेतलेले मूक चित्रीकरण २४च्या वेगाने दाखवू नये; मजूर उगाच लगबग करताना दिसतात आणि श्रमाचा खरा भार हरवतो, जे त्यांच्यावर अन्यायकारक आहे. रिव्हेट (पोलादी भाग जोडणारी धातूची खीळ) ठोकणाऱ्या चौघांच्या टोळीला संकलनात भरपूर वेळ द्यावा: एक रिव्हेट तापवून फेकतो, दुसरा तो डब्यात झेलतो, तिसरा मागून टेकू धरतो, चौथा हातोडा चालवतो. निवेदन मोजकेच ठेवावे.