मृत्युपत्रात एक्झिक्युटर म्हणून तुमचं नाव असेल तर

आत्या गेली आणि मृत्युपत्रात एक्झिक्युटर म्हणून, म्हणजे त्यात लिहिलंय तसं सगळं पार पाडणारी व्यक्ती म्हणून, माझं नाव निघालं. त्यात जे कळलं ते सांगते, कुणाच्या तरी उपयोगी पडेल.

आधी स्वतःला विचारा, झेपणार आहे का. नाव लिहिलंय म्हणून करावंच लागतं असं नाही, नकार देता येतो, पण एकदा पैशाला किंवा वस्तूंना हात लावला की मागे फिरणं अवघड जातं.

करायचं ठरलं तर मूळ मृत्युपत्र आहे तसंच जपा. झेरॉक्स काढायला म्हणून स्टेपलरची पिनसुद्धा काढू नका, भोकं दिसली की पान बदललं का अशी शंका निघते. मृत्यूच्या दाखल्याच्या जास्तीच्या प्रती घेऊन ठेवा, बँक, विमा, पेन्शन, सगळे मागतात. प्रोबेट, म्हणजे मृत्युपत्र खरं असल्याचा कोर्टाचा दाखला, लागतं का ते वकिलाला विचारा, नियम सगळीकडे सारखे नसतात. आणि पिन माहीत असला तरी गेलेल्या माणसाचं एटीएम कार्ड वापरायचं नाही! पॉवर ऑफ अ‍ॅटर्नीसुद्धा, म्हणजे त्यांच्या वतीने व्यवहार करायचा लेखी अधिकार, माणूस गेला की संपते, हे बऱ्याच जणांना माहीतच नसतं.

घर रिकामं असेल तर विमा कंपनीला कळवा, पाण्याचा मेन कॉक बंद करा, प्रत्येक कपाट उघडून फोटो काढा.

खरी परीक्षा घरच्यांसमोर होते. आठवड्याभरात आतेबहिणीचा फोन, शिलाई मशीन आईने मलाच देते म्हटलेलं, घेऊन जाऊ का. तिचा गळा दाटून आलेला, माझाही, तरी नाही म्हटलं. कारण आधी अंत्यसंस्काराचा खर्च, कर्ज, बिलं, टॅक्स, आणि मगच वाटणी. आधीच वाटून टाकलं आणि नंतर कुणी घेणेकरी उभा राहिला तर ते तुमच्या खिशातून जाऊ शकतं. आमच्याकडे दवाखान्याचं एक बिल चार महिन्यांनी आलं.

म्हणून वेगळं खातं उघडा, स्वतःचे पैसे त्यात मिसळू नका आणि एक वही घाला. तारीख, रक्कम, कशासाठी, आणि पावती तिथेच चिकटवायची, अगदी रिक्षाचं भाडंसुद्धा. दर महिन्याला त्या पानांचे फोटो मी सगळ्या वारसांना पाठवायचे, मग कुणी काही विचारलं तरी आवाज चढायचा नाही.

टॅक्सचं सगळं मिटेपर्यंत थोडी रक्कम मागे ठेवा. वस्तू देताना सही घ्या, सख्ख्या भावाचीसुद्धा. मशीन शेवटी बहिणीलाच गेलं, वहीत तिच्या सहीखाली तिने स्वतःहून लिहिलंय, सुयांची डबीपण मिळाली.