उडता मचवा लिहिताय? या चुका टाळा

अद्भुतकथेत उडती होडी आणणारा लेखक बहुधा तिच्या तळाखालचे पाणी तेवढे काढून घेतो आणि शीड, सुकाणू, वल्ही, नांगर हे सारे होते तसेच ठेवतो. बहुतेक चुकांचे मूळ इथे आहे. पाणी होडीला नुसते तोलून धरत नाही. ते तिला आडवे सरकू देत नाही, सुकाणूला जोर देते आणि कलंडलेली होडी पुन्हा सरळही करते. ही कामे हवेत कोण करणार, हे ठरल्याखेरीज मचवा, म्हणजे ही शिडाची होडी, धक्क्यावरून हलवू नये.

सर्वांत मोठी चूक शिडाची, आणि ती मीही केली आहे. माझ्या कथेतला मचवा एका काल्पनिक बंदरातून भर वाऱ्यात, शीड टरारून फुगवून, हव्या त्या दिशेला निघाला होता. ते वर्णन ऐकून वर्सोव्याच्या एका वयस्क नाखवांनी शांतपणे विचारले, “खाली पाणी नाही, मग तुमचं शीड फुगतं कशानं?” मला उत्तर देता आले नाही. पाण्यावरच्या होडीचे शीड वारा ढकलतो आणि त्याच वेळी तळाचा कणा पाण्याला अडतो. या दोन जोरांच्या ओढाताणीतूनच होडी वाऱ्याला तिरकी घालून पुढे काढता येते. हवेत तरंगणाऱ्या मचव्याला अडवणारे काहीच नसते. तो वाऱ्याच्याच वेगाने वाऱ्याबरोबर वाहत जातो आणि म्हणून त्यावरच्या माणसांना वारा लागतच नाही. खाली माडांची झापे पिळवटत असताना वर डोलकाठीवरचे निशाण लोंबत राहील आणि नाळेपाशी, म्हणजे होडीच्या पुढच्या टोकाशी, ठेवलेल्या दिव्याची ज्योत हलणारही नाही. गरम हवेच्या फुग्यातून गेलेल्यांना ही स्तब्धता ओळखीची असते. वादळात केस भुरभुरणाऱ्या नायिकेपेक्षा ही न हलणारी ज्योत मला कितीतरी अधिक अद्भुत वाटते. सुकाणूचेही तेच आहे, कारण त्याच्यावरून काही वाहत गेल्याशिवाय ते कितीही वळवले तरी वळवणाऱ्याच्या हाताला भार लागत नाही.

यावर उपाय आहेत. लांब दोराने एक जड फळी खाली पाण्यात सोडून ओढत नेली, की मचव्याला अडणारा कणा परत मिळतो. मात्र मग दोर पाण्यापर्यंत पोहोचेल एवढ्याच उंचीवरून जावे लागते. दुसरा उपाय वाऱ्याचे थर वाचण्याचा. मुंबईच्या किनाऱ्यावर दुपारी समुद्राकडून खारे वारे येतात आणि रात्री जमिनीकडून मतलई वारे सुटतात, हे आपण शाळेत शिकलो. पण खाऱ्या वाऱ्यांच्या वरच्या थरात हवा उलट, समुद्राकडे परतत असते, हे कथेत क्वचितच येते. दुपारी समुद्राकडे जाऊ पाहणाऱ्या तांडेलाने, म्हणजे होडी हाकणाऱ्या प्रमुखाने, वल्ही न मारता मचवा त्या थरात चढवावा. वर-खाली होणे हेच त्याचे सुकाणू.

दुसरी चूक आकाराची. समुद्रसपाटीला एक घनमीटर हवेचे वजन सुमारे १.२ किलो भरते आणि तेवढ्याच पाण्याचे सुमारे १,००० किलो. पाच टनांचा मचवा पाच घनमीटर पाणी बाजूला सारून तरंगतो. हवेत त्याच वजनासाठी सुमारे २० मीटर व्यासाचा, म्हणजे सहा-सात मजली इमारतीएवढा गोल लागेल, आणि तोही स्वतःचे वजन शून्य असलेला. फ्रान्चेस्को लाना दे तेर्झी या इटालियन पाद्र्याने १६७० साली हवा काढून घेतलेल्या चार पोकळ तांब्याच्या गोलांवर तरंगणारी शिडाची होडी मांडली होती. एका चौरस मीटरवर सुमारे दहा टनांचा दाब देणारी बाहेरची हवा ते पातळ गोल चुरगाळून टाकील, ही तिची अडचण. जादूचा धातू किंवा हलके लाकूड योजायचे असेल तर खुशाल योजावे, पण ते किती भार पेलते हे एकदा ठरवून मग पाळावे.

भाऊच्या धक्क्यावर रेवसची लाँच रिकामी होताना पाहिली, तर उतारूंमागे ती थोडी थोडी वर येते आणि थांबते. उडत्या मचव्याचे असे होत नाही. पाच टनांच्या तरंगत्या मचव्यातून सहा माणसे, म्हणजे सुमारे ४०० किलो वजन, एकदम उतरले, तर पुरेशी विरळ हवा गाठेपर्यंत तो सुटतो, आणि ती जागा सुमारे ८०० मीटर वर असते. म्हणून उतारूंना सोडण्याआधी मचवा धक्क्याला बांधावा आणि प्रत्येक माणसामागे वाळूची पोती आत घ्यावीत. होडीच्या तळाशी भरायच्या या वजनाला नीरम म्हणतात. हा शब्द कथेत आला की प्रसंगाला आपोआप वजन येते.

मचवा वारंवार उलटा होत असेल, तर उचलणारी शक्ती तळाच्या फळ्यांत ठेवली आहे का ते पाहावे. तशी ती असल्यास फळीवर उभा राहिलेला प्रत्येक माणूस होडी पालथी घालायला हातभार लावतो. शक्ती डोलकाठीच्या टोकाला हवी आणि नीरम तळाशी.

उंचीची चूक किरकोळ, पण वाचकाच्या लगेच ध्यानात येणारी आहे. तीन किलोमीटर उंचीवर पाणी साधारण ९० अंशांनाच उकळते, आणि दर किलोमीटरला हवा सुमारे साडेसहा अंशांनी गार होते. तेव्हा भंडाऱ्याने, म्हणजे होडीवरच्या स्वयंपाक्याने, चुलीवर चढवलेला भात नेहमीच्या वेळात शिजणार नाही, आणि उघड्या अंगाने वल्ही मारणारे खलाशी कुडकुडतील.

राहिला प्रश्न उतरण्याचा. ओहोटीला वर्सोव्याच्या खाडीत चिखलावर टेकलेल्या होड्या एका कुशीवर कललेल्या दिसतात, कारण कण्याची होडी जमिनीवर सरळ उभी राहत नाही. अंगणात किंवा गच्चीवर मचवा उतरवायचा असेल, तर दोन्ही बाजूंना लाकडी टेकू लावणारी चार माणसे तिथे आधीपासून हजर असली पाहिजेत.