पालिकेकडे बिल अडकलंय? मग या चुका टाळा

परभणीत वकिली करताना ठेकेदारांच्या फाईली माझ्याकडे येतात त्या बहुधा उशिरा. काम चोख असतं, बांधलेली नाली आजही वाहत असते, पण "फंड आला की पहिलं बिल तुमचंच" एवढ्या एका वाक्यावर चार वर्षं गेलेली असतात.

सगळ्यात महागात पडते ती हीच चूक. १९६३ च्या मुदत कायद्याप्रमाणे केलेल्या कामाच्या पैशासाठी दावा लावायला ३ वर्षं मिळतात. पैसे कधी द्यायचे हे करारात ठरलेलं नसेल, तर ही वर्षं काम झाल्यापासून मोजतात. दर सहा महिन्यांनी स्मरणपत्र दिलं की मुदत पुढे सरकते, असं अनेकांना वाटतं. ती आपल्या पत्राने सरकत नाही, त्यांच्या सहीने सरकते. मुदत संपायच्या आत आयुक्तांनी, मुख्याधिकाऱ्यांनी किंवा अधिकार असलेल्या अधिकाऱ्याने बाकी मान्य करून सही केली, तर कलम १८ खाली त्या दिवसापासून नवी मुदत सुरू होते. तेव्हा चकरा मारायच्याच असतील तर त्या पत्रासाठी मारा. मुदत उलटून गेल्यावर मिळालेल्या पत्राने हे कलम लागू होत नाही.

पोच न घेता पत्र देणं ही दुसरी चूक. "ठेवून जा, साहेब आले की नंबर टाकतो," असं आवक विभागातला माणूस म्हणतो आणि आपण ठेवून येतो. पुढे कोर्टात पालिका सांगते, असं पत्र आलंच नाही. शिक्का, आवक क्रमांक आणि तारीख दुय्यम प्रतीवर पडल्याशिवाय काउंटर सोडू नका. देत नसतील तर तिथूनच पोस्टात जा आणि पोचपावतीसह स्पीड पोस्ट करा.

आता एमबी, म्हणजे केलेल्या कामाची मापं जिच्यात लिहितात ती मापन पुस्तिका. खरी हार-जीत तिच्यात होते, म्हणून इथे थोडं थांबतो. आपल्याकडची काळी जमीन पावसात फुगते, उन्हाळ्यात भेगाळते. अंदाजपत्रकात दीड फूट खोदाई धरलेली असते, प्रत्यक्षात तीन फूट जावं लागतं, मुरूम भरावा लागतो. कनिष्ठ अभियंता जागेवर उभा राहून "करून टाका, एक्स्ट्रा आयटममध्ये घेऊ" म्हणतो. वरून काँक्रीट पडलं की खालचं कोणालाच दिसत नाही. भराव झाकण्याआधी माप घ्यायला लावा, एमबीत नोंद होऊन सही झाली का ते डोळ्यांनी पाहा, टेप दिसेल असे फोटो काढा आणि जादा कामाची लेखी मंजुरी त्याच आठवड्यात मागा. एमबीची प्रत हातात नसेल तर माहिती अधिकारात मागा. ३० दिवसांत उत्तर देणं त्यांना बंधनकारक आहे.

तोंडी सांगितलेलं काम झालंच असेल तर सगळं बुडालं असं नाही. १८७२ च्या करार कायद्याचं कलम ७० सांगतं की फुकट करण्याच्या हेतूने न केलेल्या कामाचा लाभ ज्याने घेतला, त्याने भरपाई द्यावी. बी. के. मोंडल खटल्यात सर्वोच्च न्यायालयाने हे तत्त्व सरकारलाही लावलं. पण काम झालं आणि ते पालिकेने वापरलं, हे सिद्ध आपल्यालाच करावं लागतं.

अंतिम बिलावर "यापुढे कोणतीही मागणी नाही" असं छापलेलं असतं. अडचणीतला माणूस सही करून मोकळा होतो आणि पुढे तोच कागद त्याच्याविरुद्ध उभा राहतो. सही करावीच लागली तर "हरकत राखून" असं स्वतःच्या अक्षरात लिहा आणि त्याच दिवशी वेगळं पत्र द्या. व्याजाची लेखी मागणीही तारखेसह त्यातच करा.

दार चुकलं की वर्षं जातात. दिवाणी प्रक्रिया संहितेच्या कलम ८० ची दोन महिन्यांची नोटीस शासनाला पक्षकार करायचं असेल तर लागते. महापालिकेसाठी १९४९ च्या अधिनियमाचं कलम ४८७ आणि नगरपरिषदेसाठी १९६५ च्या अधिनियमाचं कलम ३०४ आहे. दोन्हींत १ महिन्याची नोटीस आणि दाव्याला ६ महिन्यांची मर्यादा आहे. कराराच्या पैशाला ही कलमं लागत नाहीत असं म्हणता येतं, पण समोरचा वकील मुद्दा काढतोच. त्यामुळे नोटीस द्या, आणि लवकर द्या. सूक्ष्म-लघु उद्योगांच्या परिषदेत जाऊन तिप्पट व्याज मिळेल या आशेवरही राहू नका. वर्क्स कॉन्ट्रॅक्ट, म्हणजे माल आणि मजुरी मिळून घेतलेलं बांधकामाचं काम, त्या उद्योगांच्या कायद्यात बसत नाही, असं मुंबई उच्च न्यायालयाने म्हटलेलं आहे. संभाजीनगर खंडपीठात रिट करायची तर रक्कम पालिकेने मान्य केलेली हवी. मापांवरच वाद असेल तर दिवाणी कोर्टात जा, असंच बहुधा सांगितलं जातं.

बांधकामाचा वाद ३ लाख किंवा त्याहून जास्त रकमेचा असेल तर तो व्यावसायिक न्यायालयात जातो, आणि तातडीचा मनाई हुकूम मागायचा नसेल तर आधी मध्यस्थीचा अर्ज सक्तीचा आहे. त्या मध्यस्थीत गेलेला काळ मुदतीत धरत नाहीत. काम पूर्णत्वाच्या दाखल्यावरची तारीख आजच काढून बघा. तीन वर्षं भरायला दोन महिनेच उरले असतील, तर पालिकेत आणखी एक चक्कर मारण्याआधी हा अर्ज जिल्हा विधी सेवा प्राधिकरणात टाका.